दर शेकडा किती? गृहकर्जाच्या मुदतीचा हिशेब

गृहकर्ज घेणारा माणूस बहुतेक वेळा दोन आकडे पाहून निर्णय करतो: व्याजाचा दर आणि मासिक हप्ता. दर दुसऱ्या बँकेपेक्षा पाव टक्क्याने कमी मिळाला की त्याला समाधान वाटते, आणि हप्ता पगारात बसला की कर्ज परवडले असे तो धरून चालतो. मुदत हा तिसरा आकडा मात्र हप्ता बसावा म्हणून हवा तसा ताणायचा असतो, अशीच सर्वसाधारण समजूत आहे. कर्जाची दीर्घकालीन किंमत मोठ्या प्रमाणात या तिसऱ्या आकड्यावर ठरते, ती कर्जदाराला उमजेल अशा रूपात आणि योग्य वेळी सांगितली जात नाही, आणि तशी ती सांगणे कर्ज देणाऱ्या संस्थांना बंधनकारक असले पाहिजे, असे माझे म्हणणे आहे.

आधी हिशेब पाहू. चलन कोणतेही असो, एक लाखाचे कर्ज वार्षिक ९ टक्के दराने घेतले आहे आणि व्याजाची आकारणी दरमहा शिल्लक मुद्दलावर होते, असे धरू. मुदत २० वर्षांची असेल, तर हप्ता सुमारे ९०० येतो आणि अखेरपर्यंत एकूण २ लाख १६ हजार भरावे लागतात. म्हणजे दर शेकडा २१६: शंभर मुद्दलाचे आणि ११६ व्याजाचे. तेच कर्ज ३० वर्षांसाठी घेतले, तर हप्ता ८०५ वर येतो आणि एकूण भरणा २ लाख ९० हजारांच्या घरात जातो. हप्ता साधारण साडेदहा टक्क्यांनी उतरला, पण व्याज शेकडा ११६ वरून १९० वर गेले, म्हणजे जवळजवळ ६४ टक्क्यांनी वाढले. आणखी पुढे जाऊन मुदत ४० वर्षे केली, तर हप्ता ७७१ होतो. दहा वर्षे वाढवून महिन्याला सुटले फक्त ३४, आणि एकूण भरणा गेला ३ लाख ७० हजारांवर.

मुदत वाढवत नेली तरी हप्ता एका मर्यादेखाली का उतरत नाही, हे समजायला अवघड नाही. एक लाखावर ९ टक्क्यांनी महिन्याचे व्याजच ७५० होते. मुदत शंभर वर्षांची केली तरी हप्ता ७५० च्या खाली जाणार नाही, कारण त्याखाली गेला तर व्याजसुद्धा भागणार नाही. म्हणजे ३० वर्षांच्या कर्जात पहिल्या ८०५ च्या हप्त्यातले फक्त ५५ मुद्दलाकडे जातात. वीस वर्षांच्या कर्जातही पहिल्या हप्त्याचा सहावा हिस्साच मुद्दल कमी करतो, बाकीचे पाच हिस्से व्याजाचे असतात. वीसपैकी दहा वर्षे नियमाने हप्ते भरलेला माणूस आपले अर्धे कर्ज फिटले असे समजतो, परंतु प्रत्यक्षात त्याचे एक्काहत्तर टक्के मुद्दल अजून शिल्लक असते. अर्धे मुद्दल फिटायला त्याला चौदा वर्षे लागतात, आणि ३० वर्षांच्या कर्जात तर तेवीस. या हिशेबात फसवणूक कोणाचीही नाही. समान हप्त्यांच्या कर्जाचे गणितच असे आहे. परंतु जे गणित माणसाच्या सहज अंदाजाच्या इतके विरुद्ध चालते, ते समोर मांडून दाखवण्याची जबाबदारी गणित ज्याला येते त्याच्यावर, म्हणजे कर्ज देणाऱ्यावर पडते.

येथे एक आक्षेप घेतला जातो आणि तो बरोबर आहे. वीस वर्षांनंतर भरायचे ९०० आणि आज भरायचे ९०० यांची बेरीज करणे अर्थशास्त्राच्या दृष्टीने चूक आहे, कारण दरम्यान पैशाचे मोल घटते आणि बहुधा कर्जदाराचे उत्पन्नही वाढते. ‘घराच्या दुप्पट पैसे बँकेला दिले’ ही तक्रार म्हणूनच अर्धवट आहे. महागाई वर्षाला ५ टक्के राहील असे धरून प्रत्येक हप्त्याचे आजचे मोल काढले, तर वीस वर्षांच्या कर्जाचा एकूण भरणा शेकडा २१६ न राहता सुमारे १३६ होतो, आणि तीस वर्षांच्या कर्जाचा २९० न राहता १५०. चित्र बरेच सौम्य झाले, हे कबूल केले पाहिजे. परंतु दोहोंतली तफावत नाहीशी झालेली नाही: महागाई वजा जाता कर्जाचा खरा भार शेकडा ३६ वरून ५० वर गेलाच, आणि हप्त्यातली सवलत मात्र तीच साडेदहा टक्क्यांची आहे. शिवाय महागाईचा हा फायदा ज्याचे उत्पन्न महागाईबरोबर वाढते त्यालाच मिळतो. पन्नाशीत नोकरी गेलेल्या किंवा वर्षानुवर्षे पगारवाढ न मिळालेल्या माणसाला चलनवाढीमुळे हप्ता हलका होत असल्याचे सांगणे व्यर्थ आहे.

दुसरा आक्षेप हिशेबी लोकांचा असतो. त्यांचे म्हणणे असे की लांब मुदत घ्यावी, हप्त्यात वाचलेले पैसे गुंतवावेत आणि कर्जाच्या दरापेक्षा जास्त परतावा मिळवावा. कागदावर हे खरे होऊ शकते, परंतु त्यासाठी कर वजा जाता ९ टक्क्यांहून अधिक परतावा हवा, तो वीस-तीस वर्षे टिकायला हवा, आणि सर्वांत कठीण म्हणजे वाचलेले पैसे दरमहा खरोखरच बाजूला पडायला हवेत. कर्ज फेडण्यातून मिळणारे ९ टक्के निश्चित असतात आणि बाजारातून मिळणारे अनिश्चित, हा फरकही त्या हिशेबात क्वचितच धरला जातो. शिस्त असलेल्या थोड्यांसाठी हा मार्ग उपयोगी असेल. सर्वांसाठीच्या धोरणाचा पाया तो होऊ शकत नाही.

मुदतीचा प्रश्न व्याजदराशी किती घट्ट बांधलेला आहे, हे मात्र या दोन्ही आक्षेपांपेक्षा महत्त्वाचे आहे, आणि त्याची चर्चा सर्वांत कमी होते. दर ३ टक्के असेल, तर वीस वर्षांऐवजी तीस वर्षे घेतल्याने हप्ता ५५५ वरून ४२२ वर, म्हणजे जवळपास २४ टक्क्यांनी उतरतो, आणि एकूण भरणा शेकडा १३३ वरून १५२ होतो. हा सौदा वाईट नाही. दर ९ टक्के असताना त्याच दहा वर्षांचा सौदा निम्म्याहून कमी सवलत देतो आणि जवळपास चौपट जास्त घेतो. तीस वर्षांची मुदत अमेरिकेत रुळली त्यामागे मोठा इतिहास आहे. महामंदीपूर्वी तिथे गृहकर्जे पाच-दहा वर्षांची असत आणि मुदतीअखेर मोठी रक्कम एकदम भरावी लागे. मंदीत ती व्यवस्था कोसळल्यावर १९३३ साली स्थापन झालेल्या सरकारी महामंडळाने अडचणीतली कर्जे पंधरा वर्षांच्या समान हप्त्यांत बदलून दिली, १९३४ च्या गृहनिर्माण कायद्याने सरकारी विम्याच्या आधाराने वीस वर्षांची मुदत शक्य केली, आणि तीस वर्षांची प्रथा महायुद्धानंतर पडली. ती सुधारणा खरीच होती. परंतु त्याच अमेरिकेत तीस वर्षांच्या कर्जाचा सरासरी दर ऑक्टोबर १९८१ मध्ये १८.६३ टक्क्यांवर गेला आणि जानेवारी २०२१ मध्ये २.६५ टक्क्यांपर्यंत उतरला. पहिल्या दराने कर्ज अखेरपर्यंत चालवले असते तर शेकडा ५६१ भरावे लागले असते, आणि दुसऱ्या दराने १४५. दोन्ही कर्जांचे नाव ‘तीस वर्षांचे गृहकर्ज’ हेच. दर नऊच्या आसपास असलेल्या देशांनी कमी दराच्या देशांतली मुदत जशीच्या तशी उचलावी, हे मला पटत नाही.

लांब मुदतीमुळे घर परवडू लागते, या समजुतीचाही नीट विचार व्हायला हवा. एका माणसाला जास्त मुदत मिळाली तर त्याला थोडे मोठे घर घेता येते, हे खरे. परंतु सर्वांनाच जास्त मुदत मिळाली आणि घरांची संख्या तेवढीच राहिली, तर प्रत्येकाची बोली वाढते, आणि हप्त्यात मिळालेल्या सवलतीचा बराचसा भाग जमिनीच्या किमतीत जिरतो. मग पुढच्या खरेदीदाराला तीच लांब मुदत सोय म्हणून नव्हे, तर नाइलाज म्हणून घ्यावी लागते. व्याजावरची करसवलतही थोड्याफार फरकाने हेच काम करते; शिवाय तीस टक्के कर वाचवण्यासाठी शंभराचे व्याज भरणारा माणूस सत्तर गमावत असतो, ही साधी वजाबाकी तिच्या जाहिरातीत नसते.

आता दर बदलण्याचा मुद्दा, कारण कर्जदाराचे सर्वांत मोठे नुकसान येथे आणि तेही त्याला नकळत होते. बदलत्या दराच्या कर्जात दर वाढला की दोनच गोष्टी होऊ शकतात: हप्ता वाढतो किंवा मुदत वाढते. हप्ता वाढला तर कर्जदार फोन करतो, तक्रार करतो, कर्ज दुसरीकडे नेण्याचा विचार करतो. मुदत वाढली तर बहुतेकदा त्याच्या लक्षातही येत नाही, कारण खात्यातून दरमहा तेवढीच रक्कम जात असते. म्हणून मुदत वाढवणे हा संस्थांच्या सोयीचा मार्ग ठरतो. ७ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतलेल्या एक लाखाच्या कर्जाचा हप्ता ७७५ असतो. कर्ज घेतल्यावर लवकरच दर ९ टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर कर्ज फिटायला ४५८ महिने, म्हणजे अडतीस वर्षांहून अधिक काळ लागतो, आणि एकूण भरणा शेकडा १८६ वरून ३५५ वर जातो. दर साडेनऊ झाला, तर महिन्याचे व्याजच ७९२ होते. ७७५ चा हप्ता त्यालाही पुरत नाही, आणि नियमाने हप्ते भरत असतानाच मुद्दल दरमहा वाढत जाते.

हे केवळ कल्पनेतले उदाहरण नाही. भारतात रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने अल्पमुदतीचे कर्ज देते तो दर, मे २०२२ पासून फेब्रुवारी २०२३ पर्यंत ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर गेला, आणि नव्या किरकोळ गृहकर्जांचे बदलते दर ऑक्टोबर २०१९ पासून बाह्य मानदंडाशी, म्हणजे रेपोसारख्या बँकेबाहेर ठरणाऱ्या दराशी, जोडणे बँकांना बंधनकारक असल्याने ही वाढ कर्जदारांपर्यंत वेगाने पोहोचली. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सूचना काढली: दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, याचा पर्याय कर्जदाराला दिला जावा, स्थिर दराकडे जाण्याचा आणि मुदतीपूर्वी अंशतः किंवा पूर्ण फेडीचा पर्याय असावा, आणि मुदत वाढवल्यामुळे मुद्दलच वाढत जाण्याची वेळ येऊ नये. सूचना योग्य दिशेची आहे. परंतु ज्याला मुदतीची किंमत माहीत नाही, त्याच्यापुढे ठेवलेला पर्याय नावापुरताच राहतो. वरच्या उदाहरणातल्यासारख्या कर्जदारांना ‘हप्ता १६ टक्क्यांनी वाढवू की आहे तेवढाच ठेवू?’ असे विचारले, तर दहापैकी नऊ जण काय उत्तर देतील हे सांगायला ज्योतिषी नको. तोच प्रश्न ‘आज दरमहा १२५ जास्त भराल, की पुढे अठरा वर्षे जास्त, दरमहा ७७५ भराल?’ असा विचारला, तर उत्तर बदलण्याची शक्यता तरी निर्माण होते.

आपल्याकडे दामदुप्पट नावाचा जुना न्याय आहे. सावकाराला एका वेळी मुद्दलाहून जास्त व्याजाची बाकी वसूल करता येऊ नये, असे हे हिंदू धर्मशास्त्रातले तत्त्व. रोमन कायद्यातही जवळजवळ हाच नियम होता. दोन्हींमध्ये मर्यादा मुळात होती ती साचलेल्या थकबाकीवर. वेळच्या वेळी भरलेले व्याज तिच्यात मोजले जात नसे. सहाव्या शतकात सम्राट जस्टिनियन याने ही पळवाट बुजवून हप्त्याहप्त्याने दिलेले व्याजही मर्यादेत धरायला लावले. तो नियम आज पुन्हा आणावा असे मी म्हणत नाही. आणला तर लांब मुदतीची कर्जे देणे अशक्य होईल, आणि घर भाड्याने घेणे व कर्जाने घेणे यांच्यातली निवडच अनेकांपुढून नाहीशी होईल. परंतु हप्त्यात विरघळलेले व्याज डोळ्यांना दिसत नाही, आणि म्हणून ते एकत्र मोजून दाखवावे लागते, हे दीड हजार वर्षांपूर्वी एका कायदेकर्त्याला कळले होते. आपल्याला तेवढी मोजणी तरी करता यावी.

ती कशी करावी, याचे नमुने उपलब्ध आहेत. युरोपीय संघाच्या २०१४ च्या गृहकर्ज निर्देशानुसार कर्जदाराला जे प्रमाणित माहितीपत्रक द्यावे लागते, त्यात एकूण परतफेडीच्या रकमेशेजारी ‘कर्जाऊ घेतलेल्या प्रत्येक एका युरोमागे तुम्ही इतके परत कराल’ असे स्पष्ट वाक्य असते. हे वाक्य म्हणजे आपल्या दर शेकडा हिशेबाचेच रूप आहे, आणि मला ते सर्व टक्केवारींपेक्षा अधिक प्रामाणिक वाटते. अमेरिकेत १९६८ च्या कायद्याने कर्जाचा खर्च कर्जदाराला सांगण्याची सक्ती सुरू केली, आणि ऑक्टोबर २०१५ पासून तिथल्या प्रमाणित अंदाजपत्रकात पहिल्या पाच वर्षांत एकूण किती भरले जाईल व त्यातले मुद्दल किती फिटेल, हेही द्यावे लागते. आपल्या वीस वर्षांच्या उदाहरणात हा आकडा असा येतो: पाच वर्षांत भरले ५४ हजार, मुद्दल कमी झाले ११ हजार. ज्याला सहा-सात वर्षांत घर विकून दुसरीकडे जायचे आहे, त्याच्यासाठी वीस वर्षांच्या बेरजेपेक्षा हीच ओळ अधिक कामाची. भारतातही ऑक्टोबर २०२४ पासून नव्या किरकोळ कर्जांसाठी प्रमुख तथ्यांचे विवरण देणे आवश्यक झाले आहे. त्यात शुल्कांसह येणारा वार्षिक खर्चाचा दर आणि परतफेडीचे वेळापत्रक असते.

मात्र या वार्षिक खर्चाच्या दरावर फार विसंबून चालत नाही. तो कर्ज पूर्ण मुदतभर चालेल असे गृहीत धरतो. कर्जाच्या १ टक्का शुल्क आधी घेतले, तर वीस वर्षांच्या हिशेबात ९ चा दर साधारण ९.१४ होतो, म्हणजे नगण्य वाटतो. पण तेच कर्ज तीन वर्षांत बंद करून दुसरीकडे नेले, तर तेच शुल्क दर ९.४ च्या आसपास नेऊन ठेवते. दर पाव टक्का कमी मिळतो म्हणून दर दोन-तीन वर्षांनी कर्ज हलवणाऱ्यांनी आणि प्रत्येक वेळी मुदत पुन्हा वीस वर्षांची करून घेणाऱ्यांनी हा हिशेब जरूर करावा. कर्जासोबत एकरकमी विम्याचा हप्ता मुद्दलातच मिळवून दिला जातो, त्याचेही तसेच: विम्याचे प्रत्येक शंभर वीस वर्षांत २१६ होतात, ही गोष्ट विमा गळ्यात मारणारा कोणी सांगत नाही.

म्हणून माझी मागणी आणखी एका कागदाची नाही. सह्यांच्या दिवशी वीस-पंचवीस पानांत मिसळलेला आकडा कोणी वाचत नाही, कारण तोपर्यंत घर ठरलेले असते, विसार दिलेला असतो आणि मन मागे फिरायला तयार नसते. दर शेकडा परतफेडीचा आकडा हप्ता जिथे छापला जातो तिथे, तेवढ्याच मोठ्या अक्षरांत छापला गेला पाहिजे: जाहिरातीत, पहिल्या भेटीतल्या अंदाजात, संकेतस्थळावरच्या हप्ता काढून देणाऱ्या साधनात. त्याच्या शेजारी मुदत पाच वर्षांनी कमी व पाच वर्षांनी जास्त केल्यास हप्ता आणि परतफेड किती बदलतील, हेही असावे, कारण निवड तिथेच होत असते. स्वीडनने २०१६ मध्ये याही पुढे जाऊन, घराच्या किमतीच्या निम्म्याहून जास्त असलेल्या नव्या कर्जांत वर्षाला किमान १ टक्का आणि सत्तर टक्क्यांहून जास्त असलेल्यांत किमान २ टक्के मुद्दल फेडण्याची सक्ती केली. तितकी सक्ती सर्वत्र हवीच असे नाही. ज्याच्या हातात आज खरोखरच पैसे कमी आहेत, त्याला लांब मुदत घेण्याची मुभा राहिली पाहिजे, आणि पुढे उत्पन्न वाढल्यावर दंडाशिवाय जास्त भरण्याचीही. वर्षाला एक हप्ता जास्त भरला, तर ९ टक्क्यांचे वीस वर्षांचे कर्ज सुमारे साडेसोळा वर्षांत फिटते, आणि लांब मुदत नाइलाजाने घेतलेल्या माणसाच्या हातात हाच सर्वांत चांगला उपाय आहे.

सक्ती करायचीच असेल, तर ती दर वाढतानाच्या पत्रात करावी. कर्जदाराने लेखी संमती दिल्याशिवाय मुदत वाढू नये, आणि संमतीसाठी पाठवलेल्या पत्राच्या पहिल्याच ओळीत तीन गोष्टी असाव्यात: वाढलेले महिने, त्यामुळे वाढलेली एकूण रक्कम, आणि शेवटचा हप्ता भरला जाईल त्या दिवशी कर्जदाराचे वय. पस्तिसाव्या वर्षी कर्ज घेतलेल्या माणसाला ‘आपली मुदत ४५८ महिने झाली आहे’ असे कळवले, तर तो पत्र घडी घालून ठेवून देईल. ‘आपण त्र्याहत्तर वर्षांचे व्हाल तेव्हा हे कर्ज फिटेल’ असे लिहिले, तर तो हप्ता किती वाढवता येईल हे त्याच संध्याकाळी पाहील. जन्मतारीख अर्जावर पहिल्या दिवसापासून असते, आणि हिशेब करणारी संगणकप्रणाली प्रत्येक बँकेत आहे, तेव्हा ही ओळ छापायला जास्तीचा खर्च असा काहीच नाही.